वर्गणी संपल्यावर खेळाचे काय होते?

६ ऑगस्ट १९९५ हा रविवार होता. त्या दिवशी जपानमधल्या कितीतरी घरांत मुले ठरलेल्या वेळेला टीव्हीसमोर बसली. टीव्हीला निन्टेन्डो कंपनीचे 'सुपर फॅमिकॉम' हे गेम खेळण्याचे यंत्र जोडलेले होते. त्या यंत्राच्या बुडाशी आणखी एक पेटी बसवलेली होती, आणि तिची तार घराबाहेरच्या उपग्रह-तबकडीपर्यंत गेलेली होती. उपग्रहावरून 'द लेजंड ऑफ झेल्डा' या गाजलेल्या खेळाचे एक नवे रूप त्या पेटीत उतरले. खेळ सुरू झाला आणि त्यासोबत एका निवेदकाचा आवाज ऐकू येऊ लागला. तो यंत्रात साठवलेला नव्हता, रेडिओसारखा उपग्रहावरून त्याच क्षणी येत होता. पडद्यावर घड्याळ चालू होते. ठरावीक मिनिटाला खेळातल्या जगात काहीतरी घडे आणि ते देशभर सगळ्या खेळाडूंच्या पडद्यावर एकदमच घडे. वेळ संपली की खेळ थांबे. मूल भुयाराच्या ऐन मध्यावर असो वा दाराशी, पुढच्या भागासाठी पुढचा आठवडा. असे चार आठवडे, दर आठवड्याला दोन भुयारे.

त्या खेळाची काही पुनःप्रक्षेपणे झाली. नंतर तो कधीही कुठल्या दुकानात विकायला आला नाही.

मी काही व्हिडिओ गेमचा अभ्यासक नाही. माझी खटपट जुन्या मराठी पुस्तकांच्या आणि मासिकांच्या वर्गणीदारांविषयीची. एकोणिसाव्या शतकातल्या अनेक पुस्तकांच्या शेवटी आश्रयदात्यांच्या याद्या छापलेल्या असतात. कोण कारकून, कोण मामलेदार, कोणी किती प्रती घेतल्या, हे वाचत बसायचा मला नाद आहे. त्यामुळे 'वर्गणी' हा शब्द कुठेही दिसला की मी थबकतो. दोन-अडीच वर्षांपूर्वी माझ्या भाच्याच्या एका गेमिंग सेवेची वर्गणी थकली. बँकेचे कार्ड बदलले होते, एवढेच कारण. त्याने मला यंत्र दाखवले. ज्या खेळात तो चार महिने गुंतला होता, त्याचे चित्र पडद्यावर होते, खेळाची अख्खी फाइल यंत्राच्या डिस्कवर होती आणि चित्राच्या कोपऱ्यात एक लहानसे कुलूप होते. "मामा, आहे पण नाहीये," तो म्हणाला. मला ते वाक्य पुरले. या प्रकाराचा मागचा इतिहास शोधायला लागलो, तो चाळीसहून अधिक वर्षे मागे गेला.

आपल्या ओळखीची वर्गणी याहून फार वेगळी आहे. या अंकाची वर्गणी तुम्ही पुढच्या वर्षी भरली नाहीत तर पुढचा अंक येणार नाही. पण हा अंक माळ्यावर पडून राहील, वाळवी लागेल, रद्दीत जाईल, रद्दीतून माझ्यासारखा कोणी तो उचलून नेईल. वाचनालयाची वर्गणी थकली तर पुस्तक परत करावे लागते, पण पुस्तक वाचनालयाच्या कपाटात असते आणि दुसऱ्याला मिळते. दोन्हीकडे वस्तू आणि वर्गणी यांचे आयुष्य वेगवेगळे आहे. व्हिडिओ गेमच्या वर्गणीत पहिल्या दिवसापासून ही दोन आयुष्ये एकत्र बांधलेली होती.

पहिला ठळक प्रयत्न अमेरिकेतला, १९८१ सालचा. मॅटेल ही खेळणी बनवणारी कंपनी (बार्बी बाहुली तिचीच) 'इंटेलिव्हिजन' नावाचे गेम यंत्र विकत होती. केबल टीव्हीची उपकरणे बनवणाऱ्या जनरल इन्स्ट्रुमेंट कंपनीसोबत तिने 'प्लेकेबल' ही सेवा काढली. महिन्याला ठरावीक रक्कम भरायची, कार्ट्रिजच्या जागी एक जोडपेटी बसवायची आणि केबलवरून येणाऱ्या यादीतून हवा तो खेळ निवडायचा. महिन्याला सुमारे वीस खेळ, आणि ते बदलत राहत. निवडलेला खेळ पेटीच्या तात्पुरत्या स्मृतीत उतरे. बटण बंद केले की स्मृती कोरी. म्हणजे वर्गणी संपायचीही वाट पाहायला नको, खेळ रोज रात्री मरत असे आणि रोज संध्याकाळी नव्याने जन्मत असे. ही सेवा फार टिकली नाही. एक कारण बाजाराचे, पण दुसरे मला अधिक बोलके वाटते. नवे खेळ मोठे होत गेले आणि पेटीची स्मृती होती तेवढीच राहिली. नवे खेळ त्या पेटीत मावेनात.

१९८३ मध्ये दुसरी तऱ्हा आली. विल्यम फॉन माइस्टर नावाचा एक कल्पक आणि काहीसा उधळ्या उद्योजक होता. घरोघर संगीत पोचवण्याची त्याची योजना फसली, तेव्हा त्याने तेच तंत्र खेळांकडे वळवले. त्याच्या 'गेमलाइन' सेवेत अटारीच्या यंत्रात एक जाडजूड कार्ट्रिज बसवायचे आणि त्याची तार टेलिफोनला जोडायची. फोन लागला की खेळ तारेवरून येई. एकदा पैसे भरले की तो मोजक्या वेळा खेळता येई, मग पुन्हा फोन, पुन्हा पैसे. पण अटारी, अ‍ॅक्टिव्हिजन यांसारख्या मोठ्या कंपन्यांनी आपले खेळ द्यायला नकार दिला. त्याच वर्षी अमेरिकेतला व्हिडिओ गेमचा बाजारच कोसळला. गेमलाइन बुडाली. तिच्या अवशेषांतून उरलेल्या माणसांनी नवी कंपनी काढली आणि तीच पुढे 'अमेरिका ऑनलाइन' म्हणून जगाला ठाऊक झाली. इंटरनेटच्या इतिहासात हा किस्सा नेहमी सांगतात. त्यातल्या खेळांची आठवण सहसा कोणी काढत नाही.

इथे एक कायदेशीर वळण सांगायला हवे, नाहीतर पुढचे नीट उमजणार नाही. अमेरिकेत विकत घेतलेली वस्तू पुढे विकण्याचा, भाड्याने देण्याचा हक्क खरेदीदाराला असतो. व्हिडिओ कॅसेटची भाड्याची दुकाने याच हक्कावर चालली. कॅसेटच्या शेजारच्या फळीवर गेमची कार्ट्रिजेसही आली. निन्टेन्डोला हे मुळीच रुचले नाही. १९८९ मध्ये तिने 'ब्लॉकबस्टर' या भाड्याच्या दुकानांच्या साखळीवर दावा लावला, पण तो खेळ भाड्याने दिल्याबद्दल लावता येईना. म्हणून लावला खेळासोबतच्या माहितीपुस्तिकांच्या झेरॉक्स काढल्याबद्दल! १९९० मध्ये अमेरिकी संसदेने संगणकाच्या सॉफ्टवेअरचे भाडे बंद करणारा कायदा केला आणि त्यातून गेम यंत्रांची कार्ट्रिजेस मात्र वगळली. जपानमध्ये उलट होते. तिथे खेळ भाड्याने देणे कायद्याने जवळजवळ अशक्यच होते. कार्ट्रिज हातात दिले की ते कुठे जाईल यावर कंपनीचा ताबा राहत नाही, आणि लहरींवरून पाठवलेल्या खेळावर तो पूर्ण राहतो. केबल आणि उपग्रह यांच्याकडे कंपन्या वळल्या त्याला तंत्राची हौस होतीच, पण हा हिशेबही होता असे मला वाटते.

१९९४ च्या डिसेंबरात निन्टेन्डोची प्रतिस्पर्धी सेगा हिने अमेरिकेत टाइम वॉर्नर आणि टीसीआय या केबल कंपन्यांच्या साथीने 'सेगा चॅनल' सुरू केले. महिन्याला साधारण १५ डॉलर आणि सुमारे ५० खेळ. उपग्रहावरून खेळांची माहिती केबल केंद्रावर उतरे आणि तिथून केबलमध्ये सतत गोल गोल फिरत राही. मंदिराभोवती प्रदक्षिणा घालणाऱ्या पालखीसारखे समजा. आपल्याला हवा तो खेळ समोरून जाऊ लागला की पेटी तो उचलून घेई. तोही तात्पुरत्या स्मृतीत, तोही बटण बंद होईपर्यंत. काही खेळ स्मृतीत मावत नसत. ते दोन तुकडे करून पाठवत, पूर्वार्ध एकदा आणि उत्तरार्ध नंतर. ऐन भरात या चॅनलचे अडीच लाख वर्गणीदार होते. ३१ जुलै १९९८ ला ते बंद झाले.

बंद होताना काय गेले? बहुतेक खेळ कार्ट्रिजवर मिळत होते, ते राहिले. पण काही अमेरिकेत फक्त या चॅनलवरच आले होते. 'मेगा मॅन : द वायली वॉर्स' जपान आणि युरोपात कार्ट्रिजवर विकला गेला, अमेरिकी मुलांना तो फक्त केबलवर भेटला. 'गारफिल्ड' या मांजराच्या खेळाचे काही जादा टप्पे तर खास याच चॅनलसाठी केलेले होते. ते जगात दुसरीकडे कुठेच नव्हते. अडीच लाख घरांत जे पोचू शकत होते त्याची एकही प्रत कोणाच्या घरात उरण्याची सोय नव्हती. ते टप्पे अनेक वर्षे हरवलेलेच धरले जात होते. पुस्तकाची अडीचशे प्रतींची आवृत्ती निघाली तरी शंभर वर्षांनी एखादी प्रत कुठल्यातरी वाड्यात सापडते, हा माझा अनुभव. इथे आकडा हजारपटीचा आणि शिल्लक शून्य.

आता पुन्हा जपानकडे येतो. या सगळ्या प्रकरणात मला सर्वांत जास्त ओढ लागली ती तिथल्या 'सॅटेलाव्ह्यू' सेवेची.

तिची गोष्ट एका विचित्र रेडिओ केंद्रापासून सुरू होते. 'सेंट गीगा' हे जपानमधले उपग्रहावरचे डिजिटल रेडिओ केंद्र. १९९० च्या अखेरीस त्याचे चाचणी प्रक्षेपण सुरू झाले. त्याच्या संस्थापकाने, हिरोशी योकोई यांनी, घड्याळाचे वेळापत्रक झुगारून दिले. कार्यक्रम भरती-ओहोटीप्रमाणे ठरत. समुद्राचे, पावसाचे, पक्ष्यांचे आवाज, त्यांत मिसळत जाणारे संगीत. जाहिराती नाहीत. ऐकण्यासाठी वर्गणी. कल्पना एवढी सुंदर की ती चालणार नाही हे वेगळे सांगायला नको. जपानची अर्थव्यवस्था नेमकी त्याच सुमारास घसरली, वर्गणीदार पुरेसे मिळेनात, केंद्र कर्जात गेले. तेव्हा निन्टेन्डोने त्यात पैसे घातले. बदल्यात तिला उपग्रहावरची जागा मिळाली, खेळ पाठवण्यासाठी. ज्या लहरींवरून लाटांचा आवाज यायचा त्याच लहरींवरून २३ एप्रिल १९९५ पासून झेल्डा आणि मारिओ येऊ लागले.

काटेकोरपणे बोलायचे तर ही महिन्याच्या वर्गणीची सेवा नव्हती. पेटी विकत घेतली आणि उपग्रहाचा संदेश पकडण्याची सोय असली की बरेचसे प्रक्षेपण मिळे. पण अट वर्गणीहूनही कडक होती, कारण ती वेळेची होती. पैसे थकले तर पुन्हा भरता येतात. गेलेला रविवार कसा भरणार?

पेटी सुरू केली की थेट खेळांची यादी येत नसे. पडद्यावर एक छोटे शहर उभे राही. मुलगा की मुलगी ते निवडून आणि नाव देऊन आपण त्या शहरात फिरायचे. एका इमारतीत गेले की एक प्रकारचा कार्यक्रम, दुसरीत गेले की दुसरा. मासिके असत, बातम्या असत, स्पर्धा असत, आणि खेळ. झेल्डाच्या त्या खेळात नायकाच्या जागी हेच आपण निवडलेले पात्र होते. या शहराला नाव नव्हते, आणि कार्यक्रमाच्या शीर्षकातच तसे म्हटलेले होते : नाव चोरीला गेलेल्या शहराची गोष्ट. ते शहर पेटीसोबतच्या कार्ट्रिजमध्ये होते, म्हणून ते उरले आहे. आज कोणी ते कार्ट्रिज सुरू केले तर रस्ते दिसतात, आपले पात्र चालते. पण इमारतींना जे उपग्रहाकडून यायचे ते येत नाही.

खेळ दोन तऱ्हांचे होते. एक तऱ्हा झेल्डासारखी, आवाजासह आणि ठरावीक वेळेची. दुसरी उतरवून ठेवण्याची. कार्ट्रिजच्या माथ्यावर एक छोटा 'मेमरी पॅक' बसे, त्याची क्षमता एक मेगाबाइट. आज मोबाइलमधले एक छायाचित्र त्यात मावणार नाही. नवा खेळ घ्यायचा तर जुना पुसायचा. शिवाय काही खेळांवर मोजणी बसवलेली असे : हा खेळ पाच वेळाच सुरू होईल. सहाव्यांदा नाही.

१९९७ मध्ये या सेवेचे वापरकर्ते एक लाखाच्या वर गेले होते. तोवर नवी, अधिक ताकदवान यंत्रे बाजारात आली होती. १९९९ च्या वसंतात निन्टेन्डोने अंग काढून घेतले. सेंट गीगाने जुन्याच खेळांची पुनःप्रक्षेपणे करत आणखी वर्षभर ढकलले. ३० जून २००० ला प्रक्षेपण थांबले. ते केंद्रही पुढे काही वर्षांत नाहीसे झाले.

कंपनीने पुढे यातले काय परत दिले? फार थोडे. 'रॅडिकल ड्रीमर्स' हा १९९६ मधला स्क्वेअर कंपनीचा शब्दप्रधान खेळ, जवळजवळ वाचायची कादंबरीच, २०२२ मध्ये 'क्रोनो क्रॉस'च्या नव्या आवृत्तीसोबत अधिकृतपणे उपलब्ध झाला. मध्ये सव्वीस वर्षे गेली. बाकीचे जे वाचले ते हौशी लोकांनी वाचवले. त्यांची रीत आपल्याकडच्या जुन्या ध्वनिमुद्रिका जमवणाऱ्यांसारखीच आहे. बाजारांत, लिलावांत सेकंडहँड मेमरी पॅक शोधायचे. आत काय आहे हे बाहेरून कळत नाही. मूळ मालकाने शेवटचे जे उतरवले आणि पुसायचे राहिले, ते आत असते. म्हणजे आज आपल्याला या सेवेचे जे खेळ ठाऊक आहेत त्यांची निवड समीक्षकांनी केलेली नाही, लोकप्रियतेनेही केलेली नाही. कोणा मुलाने १९९८ मध्ये यंत्र बाजूला ठेवले तेव्हा त्यात योगायोगाने जे होते, ते उरले. २०१६ मध्ये असे काही पॅक लिलावात आले. त्यांत 'कर्बी' या गोंडस पात्राचे, तोवर हरवलेले मानले गेलेले छोटे खेळ होते. वेगवेगळ्या देशांतल्या शौकिनांनी वर्गणी काढून ते विकत घेतले. इथे मला आपला, गणपतीच्या मांडवातला वर्गणीचा अर्थ भेटला तेव्हा मौज वाटली.

निवेदकांचे आवाज तर पॅकमध्येही नव्हते. ते हवेतून आले आणि हवेत गेले. त्यांतले काही ऐकता येतात, कारण काही खेळाडूंनी खेळताना घरच्या व्हीसीआरवर टेप चालू ठेवली होती. त्या टेपांवरचा आवाज आणि पॅकमधला खेळ यांची मिनिटामिनिटाची जुळणी करून शौकिनांनी झेल्डाचे ते चार आठवडे पुन्हा उभे केले आहेत. 'एफ-झीरो' या शर्यतीच्या खेळाचे प्रक्षेपित मार्ग तर पॅकमध्येही सापडले नव्हते. ते व्हिडिओ टेपवरची चित्रे पाहून, संगणकाच्या मदतीने, तुकड्या-तुकड्यांनी पुन्हा रचले गेले. 'आलम आरा' या १९३१ मधल्या आपल्या पहिल्या बोलपटाची एकही प्रत आज नाही, छायाचित्रे आणि जाहिराती आहेत. तिथेही कोणाच्या घरी अशी टेप असती तर, असा व्यर्थ विचार मनात येऊन जातो.

आजच्या सेवांकडे वळताना मला वाटले होते की चित्र सरळ असेल : पैसे बंद, खेळ बंद. प्रत्यक्षात प्रत्येक दुकानाचा कायदा निराळा निघाला. मायक्रोसॉफ्टने २०१३ मध्ये आपल्या 'गोल्ड' सदस्यांना दरमहा खेळ द्यायला सुरुवात केली. त्यातले जुन्या एक्सबॉक्स ३६० वरचे खेळ सदस्यत्व संपले तरी कायमचे तुमचे, आणि नव्या एक्सबॉक्स वनवरचे खेळ मात्र सदस्यत्व असेपर्यंतच. एकाच सेवेत, एकाच महिन्यात घेतलेल्या दोन खेळांना हे दोन नियम. सोनीच्या 'प्लेस्टेशन प्लस'मध्ये महिन्याचे खेळ एकदा घेऊन ठेवले की सदस्यत्व थकल्यावर ते कुलूपबंद होतात, पण नष्ट होत नाहीत. दोन वर्षांनी पुन्हा पैसे भरले तर उघडतात. माझ्या भाच्याच्या पडद्यावरचे कुलूप त्याच जातीचे होते. १ जून २०१७ ला सुरू झालेल्या 'गेम पास'मध्ये सदस्यत्व चालू असतानाही खेळ यादीतून निघून जातात. जाण्याआधी सूचना येते आणि सवलतीत विकत घेण्याची संधी मिळते. तुम्ही खेळात कुठवर पोचलात याची नोंद बहुधा राहते. वाचलेल्या पुस्तकात खूण ठेवलेली, आणि पुस्तक मात्र नाही. निन्टेन्डोच्या सेवेत दूरच्या संगणकावर ठेवलेल्या या नोंदींना सदस्यत्व संपल्यावर १८० दिवसांची मुदत आहे.

आणखी गुंतागुंतीचे आहे ते सदस्यत्वाच्या खेळावर वेगळे पैसे देऊन घेतलेल्या जोडभागांचे. जोडभाग तुमच्या मालकीचा, मूळ खेळ भाड्याचा. मूळ गेला की जोडभाग म्हणजे घोड्याशिवायचे खोगीर. 'फोर्झा होरायझन ४' हा ब्रिटनमध्ये घडणारा मोटारींचा खेळ १५ डिसेंबर २०२४ ला दुकानांतून आणि गेम पासमधून एकाच दिवशी उतरवला गेला, कारण मोटारींची आणि गाण्यांची परवानगी संपली होती. तेव्हा जोडभाग घेतलेल्या चालू वर्गणीदारांना मूळ खेळ देण्याची व्यवस्था कंपनीने केली. हे चांगलेच झाले. पण ही सवलत होती, हक्क नव्हता.

काही वेळा सदस्य राहतो आणि खेळच जातो. 'सुपर मारिओ ब्रदर्स ३५' हा निन्टेन्डोने मारिओच्या पस्तिसाव्या वर्षानिमित्त सदस्यांना दिलेला खेळ १ ऑक्टोबर २०२० ला आला आणि ३१ मार्च २०२१ ला बंद झाला. वर्गणी चालू असलेल्यांनाही तो नंतर मिळाला नाही. काही वेळा सेवाच जाते. गूगलची 'स्टेडिया' नोव्हेंबर २०१९ मध्ये सुरू झाली आणि १८ जानेवारी २०२३ ला बंद झाली. गूगलने यंत्रांचे आणि विकलेल्या खेळांचे पैसे परत केले, ही दुर्मीळ गोष्ट. महिन्याच्या वर्गणीचे पैसे मात्र परत केले नाहीत. हिशेब तर्काला धरून आहे : विकलेल्या वस्तूचे पैसे परत द्यायचे, वर्गणीच्या बदल्यात वस्तू दिलीच नव्हती. फक्त स्टेडियासाठीच बनलेले काही खेळ तिच्यासोबत गेले.

आता एक आक्षेप घ्यायलाच हवा, आणि तो माझ्याच बाजूवर. वर्गणीवाला निदान खोटे बोलत नाही. पैसे देईपर्यंत खेळ, हे तो आधीच सांगतो. खरी फसगत विकत घेणाऱ्याची होते. फ्रेंच कंपनी यूबीसॉफ्टचा 'द क्रू' हा मोटारींचा खेळ २०१४ मध्ये विक्रीस आला. लोकांनी पूर्ण किमतीला, तबकडीवरही घेतला. पण एकट्याने खेळतानाही तो कंपनीच्या सर्व्हरशी जोडलेला राहावा लागे. ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाले आणि तबकड्या निकामी झाल्या. त्याच वर्षी जानेवारीत याच कंपनीच्या सदस्यत्व विभागाच्या संचालकांनी म्हटले होते की खेळ आपल्या मालकीचे नसण्याची सवय खेळाडूंनी करून घ्यावी लागेल. रॉस स्कॉट यांनी 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ सुरू केली ती द क्रू बंद झाल्यावरच. युरोपीय संघाकडे नागरिकांचा अर्ज पोचायला दहा लाख सह्या लागतात. जुलै २०२५ च्या अखेरीस मुदत संपली तेव्हा चौदा लाखांहून अधिक झाल्या होत्या. कॅलिफोर्नियाने १ जानेवारी २०२५ पासून कायदा लागू केला : ग्राहकाला फक्त परवाना मिळत असेल तर ते स्पष्ट न सांगता 'विकत घ्या' हा शब्द वापरता येणार नाही. या कायद्यातून वर्गणीच्या सेवा वगळल्या आहेत. ग्राहकाच्या दृष्टीने ते बरोबरच आहे, त्यांनी विक्रीचे सोंग घेतलेलेच नसते.

पण ग्राहकाचे भागले म्हणजे इतिहासाचे भागले असे होत नाही. भारतात १९५४ च्या कायद्याने प्रकाशकाला प्रत्येक पुस्तकाची एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबईसह आणखी तीन ठिकाणच्या ग्रंथालयांना स्वखर्चाने पाठवावी लागते. नियतकालिकांनाही हे १९५६ पासून लागू आहे. किती प्रकाशक तो पाळतात आणि पाठवलेल्या प्रती कशा अवस्थेत असतात, यावर मी दुसरा लेख लिहू शकेन. तरी कायद्यामागचा विचार पाहा : वाचक, प्रकाशक, दोघे मेले तरी प्रत असावी. फ्रान्सने १९९२ मध्ये असाच विचार व्हिडिओ गेमपर्यंत नेला आणि पॅरिसचे राष्ट्रीय ग्रंथालय ते जमा करते. पण ज्या खेळाची तबकडीच सर्व्हरवाचून मुकी, ती कपाटात ठेवून काय मिळणार? आणि जो खेळ फक्त वर्गणीच्या यादीतच असतो, त्याची तर तबकडीही नसते.

अमेरिकेतल्या 'व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन' या संस्थेने २०२३ मध्ये पाहणी केली. अमेरिकेत निघालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के आज कुठल्याही अधिकृत मार्गाने विकत मिळत नाहीत. ग्रंथालयांनी जतन केलेले खेळ अभ्यासकांना दुरून पाहू द्यावेत, एवढी सूट संस्थेने आणि तिच्या साथीदारांनी मागितली होती. ऑक्टोबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने ती नाकारली. अभ्यासाच्या नावाखाली लोक मजेसाठी खेळतील, ही खेळकंपन्यांच्या बाजूने मांडलेली भीती होती. कादंबऱ्यांबाबत हीच भीती बाळगली असती तर मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयाला पहिल्याच वर्षी टाळे ठोकावे लागले असते.

जुन्या सेवांत खेळ उरत नसे, कारण तो पेटीत टिकतच नव्हता. आताच्या सेवांत तो ऐंशी-नव्वद गिगाबाइटांनी घरात ठाण मांडून बसतो, फक्त किल्ली दुसऱ्याकडे असते. याचा उपयोग पुढच्या संशोधकाला होईल का, हे मी एका जाणत्या तरुणाला विचारले. त्याने मला सॅटेलाव्ह्यूच्या मेमरी पॅकचे आतले काम समजावून सांगितले. पाच वेळांची मर्यादा असलेल्या खेळाच्या सुरुवातीला पाच खुणा असतात. खेळ सुरू केला की यंत्र एक खूण खोडते. पाचही खोडल्या की यंत्र तो खेळ सुरू करायला नकार देते. पण खेळ पुसला जात नाही. तो जसाच्या तसा पॅकमध्ये असतो. लिलावातून आलेला असा संपलेला पॅक शौकीन यंत्राला न लावता वेगळ्या उपकरणाने वाचतात, त्याची नक्कल काढतात, आणि नकलेमध्ये त्या पाच खुणा पुन्हा भरतात.